क्षमा आणि भरपाई
(प्रौढांच्या वर्गासाठी व रविवारच्या शाळेच्या शिक्षकांसाठी अभ्यासपाठ)

शास्त्रभाग : निर्गम २१:१८-१९, २८-३६, अनुवाद २१:१-९ व २२:८, लूक १०:२५-३७ व १९:१-१०.

मुख्य विचार : क्षमा ही जखमी माणसाने द्यावयाची देणगी आहे, भरपाई हे त्याचे येणे आहे. एकीचे नाव पुढे करून दुसरे बुडवू नये.

प्रस्तावना

२०२३ सालच्या पावसाळ्यात आमच्या मंडळीतील एक बंधू बुधवारची प्रार्थनासभा आटोपून सायकलीवरून घरी जात असता मालवाहू टेंपोने त्यांना मागून धडक दिली. बंधू धंद्याने सुतार, वय अडतीस. उजवा पाय गुडघ्याखाली दोन ठिकाणी मोडला. टेंपोचा मालक काही दुष्ट मनुष्य नव्हता. तो दवाखान्यात आला, पहिले बिल त्याने भरले, आणि चौथ्या दिवशी चाळीस हजार रुपये व एक लिहिलेला कागद घेऊन घरी आला. पोलिसांत जाऊ नये, कोर्टकचेरी करू नये, प्रकरण आपसांत मिटवावे, असे त्याचे म्हणणे होते.

कागद कानडीत होता. आम्ही सीमाभागात राहणारे. आम्हांला कानडी वाचता येते, त्या कुटुंबाला येत नाही. म्हणून आम्हांला बोलावणे आले. यापुढे आमचे काही मागणे राहिले नाही, असे त्यात लिहिले होते. तो मजकूर आम्ही वाचून दाखविला आणि वर सल्लाही दिला की, ख्रिस्ती माणसाने क्षमा करावी, कोर्टाची पायरी चढू नये. त्यांच्या पत्नीने एकदाच विचारले, “पाय बरा झाला नाही तर?” आम्ही म्हणालो, “देव बघून घेईल.” बंधूंनी सही केली.

पाय धड झाला नाही. दुसरी शस्त्रक्रिया करावी लागली, पाय आखूड पडला, आणि जमिनीवर उकिडवे बसून रंधा मारणे कायमचे बंद झाले. आठ महिन्यांनी आम्ही त्यांना घेऊन वकिलाकडे गेलो, तेव्हा वकिलाने दोनच प्रश्न विचारले : फिर्याद कधी दिली? अपघाताला किती महिने झाले? दोन्ही प्रश्नांची उत्तरे आमच्या विरुद्ध गेली.

प्रस्तुत पाठ त्या घटनेतून लिहिला आहे. आम्ही तेव्हा जे शास्त्रवचन म्हणून सांगितले ते खरोखर शास्त्राचे सांगणे होते काय, हे आपण पाहू.

१. नियमशास्त्रातील भरपाई

सीनाय पर्वतावर दहा आज्ञा मिळाल्या हे आपली लहान मुलेही सांगतात. परंतु त्या आज्ञांच्या पाठोपाठ, पुढच्याच अध्यायात, जखमा आणि नुकसान यांविषयीचे नियम आले आहेत, तिकडे आपले लक्ष जात नाही. दोघांच्या भांडणात एकाने दुसऱ्याला मारले, तो मेला नाही पण अंथरुणाला खिळला, आणि पुढे काठी टेकीत बाहेर हिंडू लागला, तर काय करावे? मारणाऱ्याला देहदंड नाही. पण त्याने दोन गोष्टी भरून द्याव्यात : जखमी माणसाचा जितका वेळ बुडाला त्याची किंमत, आणि तो पुरा बरा होईपर्यंतचा औषधोपचार. काठी टेकीत चालणारा हा मनुष्य आम्हांला आता फार ओळखीचा वाटतो. चाळीस हजारांत पहिले बिल भागले, पण ‘पुरा बरा होईपर्यंत’ ही मर्यादा देवाने घातली होती, ती आम्ही विसरलो.

त्याच अध्यायात मारक्या बैलाचा नियम आहे. बैल मारका आहे हे मालकाला ठाऊक असून, लोकांनी बजावले असूनही त्याने बैल बांधून ठेवला नाही, आणि बैलाने माणूस मारला, तर दोष बैलापुरता राहत नाही. तो मालकावर येतो. पुढे उघड्या खड्ड्याचा नियम येतो : खड्डा खणून झाकला नाही आणि त्यात कोणाचे जनावर पडले, तर खड्ड्याच्या धन्याने भरून द्यावे. अनुवादात तर घराच्या धाब्याला कठडा बांधण्याची आज्ञा आहे, कारण कोणी पडून मेला तर रक्तपाताचा दोष त्या घरावर येईल. यांपैकी कोठेही मालकाचा हेतू वाईट होता असे म्हटलेले नाही. जी वस्तू दुसऱ्याला इजा करू शकते, ती बाळगणाऱ्यावर त्या इजेची जबाबदारी असते, एवढेच तत्त्व आहे. ब्रेक निकामी झालेला टेंपो हा आजचा मारका बैलच होय.

आणखी एक बारकावा ध्यानात घ्यावा. बैल पूर्वी कधी मारका नव्हता आणि त्याने दुसऱ्याच्या बैलाला मारले, तर दोन्ही धन्यांनी नुकसान निम्मे निम्मे वाटून घ्यावे असे सांगितले आहे. म्हणजे देवाचा न्याय जखमी झालेल्याचीच बाजू डोळे मिटून घेतो असे नाही. तो दोष तोलून पाहतो. लेवीय १९:१५ मध्ये न्याय करताना गरिबाची भीड धरू नये आणि थोराचीही धरू नये, असे बजावले आहे. डोळ्याबद्दल डोळा या नियमाकडेही सूड म्हणून न पाहता मर्यादा म्हणून पाहावे : जितके नुकसान तितकेच, त्याहून अधिक नाही.

पुढे यहूदी शास्त्र्यांनी या नियमांचा विचार करून, इ. स. २०० च्या सुमारास संकलित झालेल्या ‘मिश्ना’ या ग्रंथात, दुसऱ्याला जखमी करणाऱ्याने पाच गोष्टी भरून द्याव्यात असे ठरविले : अवयवाचे नुकसान, वेदना, औषधोपचार, बुडालेला वेळ आणि झालेली अप्रतिष्ठा. ही यादी मनात ठेवून पुढील भाग वाचावा.

२. आजचा कायदा काय मोजतो

आपल्या देशात १९८८ चा मोटार वाहन कायदा आहे. २०१९ साली त्यात मोठी दुरुस्ती झाली आणि भरपाईविषयीची नवी कलमे १ एप्रिल २०२२ पासून लागू झाली. अपघातात जखमी झालेल्यांचे व मृतांच्या वारसांचे दावे मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढे चालतात.

जखमी माणसाची भरपाई कशी मोजावी हे सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली एका निकालात स्पष्ट केले आहे. औषधपाणी, येणे-जाणे व सकस आहार यांचा खर्च. उपचाराच्या काळात बुडालेली कमाई. कायमचे अपंगत्व आल्यास पुढील कमाईत येणारी तूट. पुढे लागणारा औषधोपचार. वेदना व मनस्ताप. आणि जीवनातील जी सुखे कायमची गेली त्यांची भरपाई. मिश्नाची पाच कलमे शेजारी ठेवली तर किती जवळची आहेत पाहा.

या निकालातील एक गोष्ट प्रत्येक कुटुंबाने समजून घ्यावी. डॉक्टर दाखल्यावर अपंगत्वाचा जो टक्का लिहितो, तोच कमाईच्या तुटीचा टक्का असे नाही. डावा हात गेलेला कारकून आपल्या नोकरीवर राहू शकेल. पण तोच हात सुताराचा किंवा ड्रायव्हरचा गेला तर जवळजवळ सगळी कमाई गेली. म्हणून जखमी माणूस कोणते काम करीत होता व आता त्यातले काय करू शकत नाही, हे न्यायाधिकरणापुढे आणावे लागते.

हिशेबाची रीत उदाहरणाने दाखवितो. अडतीस वर्षांचा सुतार महिना १५,००० रुपये कमावीत होता असे धरू. चाळिशीच्या आतील, स्वतःचा धंदा करणाऱ्या माणसाच्या कमाईत पुढील वाढीबद्दल ४० टक्के मिळवितात. म्हणजे महिना २१,००० व वर्षाचे २,५२,००० रुपये. ३६ ते ४० या वयासाठी ठरलेला गुणक १५ आहे. गुणाकार ३७,८०,००० होतो. त्याची कमाईची शक्ती निम्मी गेली असे ठरले, तर तूट १८,९०,००० रुपये. औषधपाणी, वेदना वगैरे बाबी याहून निराळ्या. चाळीस हजारांच्या कागदाशेजारी हा आकडा आम्ही प्रथम मांडला तेव्हा आमच्याने बराच वेळ काही बोलवले नाही.

घरकाम करणाऱ्या बहिणीची कमाई शून्य समजू नये. तिच्या घरातील श्रमांनाही किंमत आहे व तिचे उत्पन्न धरूनच भरपाई मोजावी, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ सालीही पुन्हा सांगितले आहे. तसेच जखमी माणसाचाही काही दोष असला, तर तेवढा भाग भरपाईतून वजा होतो. दोन बैलांचा नियम येथे आठवावा.

३. क्षमा केली म्हणजे भरपाई सोडली काय?

ज्या चुकीने आम्ही त्या कुटुंबाचे नुकसान केले ती हीच. आम्ही क्षमा आणि भरपाई यांना एकाच तराजूच्या दोन पारड्यांत घातले. जणू एक वर गेले की दुसरे खाली यावे.

जक्कयाची गोष्ट पाहा. प्रभू येशू त्याच्या घरी उतरला, त्याच्या पंक्तीला बसला; कृपा आधी आली. पण त्या कृपेचे फळ काय? जक्कय उभा राहून म्हणतो की, ज्यांचे मी अन्यायाने घेतले त्यांना चौपट परत देतो. तुला क्षमा झाली आहे, आता परत देण्याचे काय कारण, असे प्रभूने म्हटले नाही. उलट त्या घराला तारण प्राप्त झाल्याचे जाहीर केले. गणना ५:५-८ मध्येही पाप कबूल करणे व मुद्दल भरून त्यावर पाचवा हिस्सा अधिक देणे, ही दोन्ही एकत्र सांगितली आहेत.

कोणी म्हणेल की, पौलाने करिंथकरांस पहिल्या पत्राच्या सहाव्या अध्यायात कोर्टात जाणाऱ्यांना दोष दिला आहे, इतकेच नव्हे तर त्यापेक्षा अन्याय सोसावा असे सुचविले आहे. खरे आहे, तो भाग टाळून पुढे जाऊ नये. परंतु तेथे भाऊ भावावर फिर्याद करीत होता, आणि पौलाचा आग्रह होता की मंडळीतील शहाण्यांनी त्यांचा निवाडा करावा. निवाडाच होऊ नये असे तो म्हणत नाही. शिवाय सोसण्याची विनंती तो ज्याला सोसायचे आहे त्यालाच करतो. धडधाकट पायांच्या माणसाने मोडलेल्या पायाच्या माणसाला त्यागाचा उपदेश करणे, ही निराळी गोष्ट आहे. आणि हाच पौल फिलिप्पै येथे, बेकायदा फटके मारून आता गुपचूप सोडता काय, असे विचारून अधिकाऱ्यांना स्वतः यावयास लावतो, आणि कैसराकडे दादही मागतो.

हेही समजून घ्यावे की, बहुतेक दाव्यांत रक्कम विमा कंपनी भरते. गाडीमालक दर वर्षी हप्ता भरतो तो याचसाठी. तेव्हा दावा करणे म्हणजे त्या माणसाशी वैर धरणे नव्हे. ड्रायव्हरला मनापासून क्षमा करावी, त्याच्यासाठी प्रार्थना करावी, आणि न्यायाधिकरणात अर्जही करावा. यांत विरोध नाही.

४. गाडी पळून गेली तर

अनुवाद २१ मध्ये एक चमत्कारिक वाटणारा विधी आहे. शेतात कोणाचे प्रेत सापडले आणि मारणारा कोण हे कळत नाही, तर वडील जनांनी व न्यायाधीशांनी बाहेर जाऊन आजूबाजूच्या नगरांपर्यंतचे अंतर मोजावे, आणि जे नगर सर्वांत जवळ असेल त्याच्या वडिलांनी पुढे होऊन प्रायश्चित्ताचा विधी करावा. तेथे पैशाची भरपाई नाही, हे खरे. पण गुन्हेगार सापडला नाही म्हणून मेलेला माणूस कोणाचाच नाही असे होत नाही. जवळच्यांनी त्याची जबाबदारी घ्यावयाची आहे.

ठोकर देऊन पळालेल्या वाहनाचा पत्ता लागला नाही, तर आपल्या देशात २०२२ च्या योजनेप्रमाणे मृताच्या वारसांना २ लाख व गंभीर जखमी झालेल्याला ५० हजार रुपये मिळतात. अर्ज न्यायाधिकरणाकडे न करता, जेथे अपघात झाला तेथील महसूल खात्याच्या दावा चौकशी अधिकाऱ्याकडे, म्हणजे प्रांत किंवा तहसीलदार दर्जाच्या अधिकाऱ्याकडे करावा लागतो. रक्कम थोडी आहे, पण पुष्कळ कुटुंबे ती मागतच नाहीत, कारण कोणी सांगत नाही. जवळचे नगर म्हणजे आपली मंडळी, असे आपण समजावे.

शोमरोन्याची गोष्टही येथे नव्या अर्थाने वाचावी. त्याने तेल व द्राक्षारस ओतून जखमा बांधल्या, उतारशाळेत नेले, दोन नाणी दिली. आणि मुख्य म्हणजे, अधिक खर्च झाला तर परत येताना देईन असे सांगून हिशेब उघडा ठेवला. आता कायद्यानेही, जखमीला दवाखान्यात नेणाऱ्या सद्भावी माणसावर जबाबदारी येत नाही व त्याला नाव सांगण्याची सक्ती करता येत नाही. २०२५ च्या योजनेनुसार नेमलेल्या रुग्णालयांत अपघातापासून सात दिवसांपर्यंत, दीड लाख रुपयांपर्यंतचे उपचार पैसे न भरता मिळू शकतात. तेव्हा रस्त्यात पडलेल्याला पाहून भीतीने दुसऱ्या बाजूने जाण्याचे कारण उरलेले नाही.

५. आपणच गाडीचे मालक असू तेव्हा

आपणही दुचाकी चालवितो. काहींच्या रिक्षा, टेंपो, मोटारी आहेत. त्रयस्थाचा विमा हा आपल्या धाब्याचा कठडा आहे. नवी दुचाकी घेताना पाच वर्षांचा असा विमा घ्यावाच लागतो. पण पाच वर्षे संपली की नूतनीकरण विसरले जाते. विमा नसता कोणाला इजा झाली तर सगळी रक्कम मालकाने भरावी लागते, आणि त्याच्याजवळ नसेल तर जखमी माणूस रिकाम्या हाताने राहतो. दोन घरे एकदम बुडतात.

अपघात आपल्या हातून घडला तर जखमीला दवाखान्यात न्यावे व चोवीस तासांच्या आत पोलिसांना कळवावे, असे कायदा सांगतो. बिनपरवाना मुलगा गाडी चालवीत होता, म्हणून काकाचे नाव पुढे करणे. विमा नसलेल्या गाडीऐवजी दुसऱ्याच गाडीचा नंबर देणे. खोटी बिले जोडणे. घरातल्या पडझडीला रस्त्यावरचा अपघात म्हणणे. हे प्रकार घडतात, आणि आपल्यात घडत नाहीत असे आम्ही छातीठोकपणे म्हणू शकत नाही. खऱ्या दाव्यांना उशीर व संशय यांचा जो त्रास सोसावा लागतो, त्यात अशा खोट्या दाव्यांचाही वाटा आहे. भरपाई न्याय्य हवी, म्हणजे कमी नको आणि लबाडीने वाढविलेलीही नको.

६. मंडळीने काय करावे

प्रत्येक मंडळीत एकदोन जाणत्या माणसांनी पुढील गोष्टी माहीत करून घ्याव्यात.

(१) फिर्याद ताबडतोब द्यावी. फिर्यादीची प्रत, पंचनामा, दवाखान्याची कागदपत्रे, औषधांची प्रत्येक पावती, कमाईचा पुरावा व पुढे अपंगत्वाचा दाखला एकाच पाकिटात ठेवावा.

(२) दाव्याचा अर्ज अपघातापासून सहा महिन्यांच्या आत करावा, अशी मुदत आताच्या कायद्यात आहे. या मुदतीविषयीचा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आहे. तथापि त्यावर विसंबून उशीर करू नये.

(३) अर्ज अपघाताच्या ठिकाणीच करावा लागतो असे नाही. जखमी माणूस जेथे राहतो तेथील न्यायाधिकरणातही करता येतो. साताऱ्याजवळ अपघात झालेला इंदूरचा किंवा बडोद्याचा बंधू आपल्याच गावी दावा लावू शकतो. परगावी पसरलेल्या आपल्या लोकांना हे ठाऊक असणे फार जरुरीचे आहे.

(४) दोष सिद्ध न करताही मृत्यूबद्दल ५ लाख व गंभीर दुखापतीबद्दल अडीच लाख रुपये मागता येतात. पण ही ठरीव रक्कम रीतसर स्वीकारली की मोठा दावा संपतो. म्हणून होकार देण्यापूर्वी पूर्ण हिशेब करावा.

(५) स्त्रिया, मुले, अपंग, अनुसूचित जाती-जमातींचे लोक व कमी उत्पन्नाचे लोक यांना जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळू शकतो. भरपाईत टक्का मागणाऱ्या वकिलापासून सावध राहावे. तसा हिस्सा घेण्यास वकिलांना मनाई आहे.

(६) लोकअदालतीत तडजोड लवकर होते, पण तिच्या निवाड्यावर अपील नाही. आकडा समजल्यावाचून होकार देऊ नये.

(७) जी भाषा वाचता येत नाही त्या भाषेतील कागदावर सही करू नये, आणि कोणाला करू देऊ नये.

समारोप

त्या बंधूंनी आम्हांला कधी दोष दिला नाही. एकदाच, उपासनेनंतर मागच्या बाकावर काठी आवरीत ते म्हणाले, “गुरुजी, क्षमा मी त्याच दिवशी केली होती. पण पायाला ते कुठे कळतं?” त्यांचा मोठा मुलगा शिक्षण सोडून ओतकामाच्या कारखान्यात जातो.

आम्ही त्यांना घेऊन पुन्हा वकिलाकडे जात आहोत. मुदतीचा अडसर दूर होतो काय हे पाहू. पण मारक्या बैलाचा नियम वाचताना आमच्या ध्यानात आले की, बेसावध सल्ला हाही एक उघडा खड्डाच आहे, आणि तो आम्ही खणला. म्हणून मुलगा पुन्हा शिकू लागेपर्यंत त्यांच्या धाकट्या मुलीच्या शाळेचा खर्च आम्ही आपल्याकडे घेतला आहे. हा उपकार नाही. हे देणे आहे, आणि ते अजून फिटलेले नाही.

वर्गात चर्चेसाठी प्रश्न

१. निर्गम २१:१८-१९ मध्ये कोणत्या दोन गोष्टी भरून द्यावयास सांगितल्या आहेत? आज त्यांत काय काय येईल?
२. बैल मारका आहे हे ठाऊक असणे व नसणे, यांत नियमशास्त्र भेद का करते?
३. जक्कयाने परत दिले नसते, तर त्याचा पश्चात्ताप खरा ठरला असता काय?
४. ‘क्षमा कर’ असे दुसऱ्याला सांगण्यापूर्वी आपण कोणते प्रश्न विचारावेत?
५. मुलांच्या वर्गासाठी : मित्राची पाटी आपल्या हातून फुटली. ‘माफ कर’ म्हणणे पुरे आहे काय? मुलांना आपापल्या शब्दांत सांगू द्यावे.

प्रार्थना : हे न्यायी व दयाळू परमेश्वरा, रस्त्यावर जखमी झालेल्यांना तू आरोग्य दे. आमच्या हातून ज्यांचे नुकसान झाले त्यांना भरून देण्याची बुद्धी व धैर्य आम्हांला दे. तुझ्या क्षमेचे नाव घेऊन आम्ही कोणाचे येणे बुडवू नये, असे आम्हांला राख. प्रभू येशूच्या नावाने, आमेन.